बर्फाखालचा रेडा

गच्चीवरच्या खोलीचं दार मी आतून लावून घ्यायला लागले आणि दोन-चार दिवसांतच घरात माझ्याबद्दल कुजबुज सुरू झाली.

मी पुण्याहून दोंडाईच्याला घरी आले होते ती आईच्या गुडघ्यामुळे. धुळ्याला ऑपरेशन झालं होतं, पण ते बिघडून परत करावं लागलं होतं. घरात वडील होते आणि वडिलांची मोठी बहीण. तिला सगळं गाव अक्का म्हणतं, आम्हीही. पण अक्काच सत्तरीच्या पुढची; आईला उठवायचं-बसवायचं तिच्याने होईना. म्हणून मी कंपनीकडे घरून काम मागितलं. त्यांनी खूप आढेवेढे घेतले आणि मग एका मोठ्या खोक्यातून कॉम्प्युटर पाठवला. सोबत अटी होत्या. खोली बंद पाहिजे. कॉम्प्युटरचा पडदा कुणाला दिसता कामा नये. घरातल्या कुणाचाही मोबाइल आत येता कामा नये. आणि आपण काय करतोय ते कुणाला, अगदी आईबापांनाही, सांगायचं नाही. मी सही केली होती.

माझं काम तसं सांगायला सोपं आहे. ॲनिमेशनच्या सिनेमात माणसं, घरं, झाडं आधीच कुणीतरी करून ठेवलेली असतात. त्यांच्यावर उजेड कुठून पडेल, सावली कुठे जाईल, ते आम्ही ठरवतो. सिनेमे परदेशी असतात. आमच्या कंपनीकडे त्यांतले थोडे तुकडे येतात.

त्या वर्षी आलेला तुकडा मी लहानपणापासून बघत आलेल्या सिनेमाचा होता.

डोंगरातलं एक गाव, गावाला लागून सरोवर, एक अनाथ मुलगी, आणि सरोवरातून वर येणारं भलंमोठं शिंगांचं जनावर. या मालिकेचे तीन भाग आले होते. आम्ही ते टीव्हीवर हिंदीतून बघितले, पुन्हा पुन्हा बघितले. जनावराला सिनेमात चांगलं भारदस्त नाव होतं, पण नाना, म्हणजे माझे वडील, पहिल्याच दिवशी म्हणाले, "हा तर रेडा आहे." तेव्हापासून आमच्या घरात तो रेड्याचा सिनेमा. तिसऱ्या भागाच्या शेवटी सरोवर गोठतं आणि रेडा बर्फाखाली निघून जातो. मी रडले होते. नाना रडले नव्हते. ते म्हणाले होते, "जनावर असं न सांगता जात नाही. यात काहीतरी लबाडी आहे. पुढच्या भागात कळेल."

पुढचा भाग आलाच नाही. मध्ये कितीतरी वर्षं गेली. आणि आता नाताळाच्या सुट्टीसाठी त्याचा छोटा सिनेमा निघत होता, अर्ध्या तासाच्याही आतला. पहिल्या दिवशी पडद्यावर ते सरोवर उघडलं. खाली स्वयंपाकघरात नाना चहा पीत होते. दहा पायऱ्या उतरून त्यांना सांगावं असं इतकं वाटलं की मी खुर्चीवरून उठलेसुद्धा. मग परत बसले आणि कडी नीट लागली आहे का ते बघितलं.

नानांबद्दल थोडं सांगायला हवं. ते एसटीत तिकीट तपासनीस होते. कुठल्याशा फाट्यावर गाडी थांबवायची, आत चढायचं आणि तोंडं बघत मागपर्यंत जायचं, यातच त्यांची सगळी नोकरी सरली. साक्रीच्या बाजूचे घाट, शिरपूरचा रस्ता, सगळीकडे कंडक्टर त्यांना ओळखून होते. निवृत्त झाले तरी डोळे तेच राहिले. भाजीवाल्याचा काटा, गॅसच्या टाकीचं सील, शेजाऱ्याने उगाच आणून दिलेली मिठाई, प्रत्येक गोष्टीकडे ते जरा तिरके बघत. आता ते तसं माझ्याकडे बघू लागले.

आधी अक्का बोलली. मी पाणी प्यायला खाली आले तर ती आईच्या पायाला तेल लावत होती. मला ऐकू जाईल अशा बेताने तिच्या अहिराणीत म्हणाली, "पोर दिवसभर दार लाईसन काय करस, माले काय समजस नही."

"काम करते अक्का."

"कामले दार कसाले लागस?"

आईने माझ्याकडे बघितलं. आजारी माणसाला पडल्यापडल्या विचार करायला फार वेळ असतो.

त्यात आमचे फोन. माझा मुख्य सहकारी हिंदीत बोलायचा, मीही. गच्चीवर कपडे वाळत घालायला नाना कधी नव्हे ते स्वतः येऊ लागले होते, आणि खिडकीतून त्यांना माझी वाक्यं ऐकू जायची. "स्किन बहुत चमक रही है, इतनी गीली नहीं चाहिए." "लड़की अकेली दिखनी चाहिए, पीछेवाले सब हटा दो." मी सिनेमातल्या मुलीच्या गालावरच्या बर्फाबद्दल बोलत होते. पण बाहेर ओला टॉवेल हातात धरून उभ्या असलेल्या बापाला काय वाटलं असेल, हे माझ्या फार उशिरा लक्षात आलं.

त्याच दिवसांत पेपरात बातम्या येत होत्या. घरबसल्या काम देतो म्हणून मुलींना फसवणाऱ्यांच्या, भाड्याच्या खोलीतून लोकांना लुबाडणाऱ्या पोरापोरींच्या. नाना पेपर घडी घालून ती बातमी वर येईल असा माझ्या ताटाशेजारी ठेवायचे. मी तो उचलून बाजूला ठेवायचे.

एकदा त्यांनी सरळ विचारलं. "तुझ्या कंपनीची पाटी बघितली आहेस का तू स्वतः?"

"नाना, मी तिथे तीन वर्षं जाते आहे."

"पाटी आहे का, एवढंच विचारतोय."

"आहे."

"मग तू जे करतेस ते मला का दाखवत नाहीस?"

"सही केली आहे."

"चांगल्या कामाला कुणी गप्प राहायची सही घेतं का?" ते म्हणाले. खरं सांगायचं तर त्यांचं बरोबरच होतं असं मलाही क्षणभर वाटलं.

दिवाळीनंतर जळगावहून एक स्थळ आलं. मुलगा बँकेत होता. त्याच्या वडिलांनी फोनवर नानांना विचारलं, मुलगी नक्की काय करते? नाना म्हणाले, कॉम्प्युटरवर असते. पलीकडून विचारलं, म्हणजे काय करते? नानांनी फोन माझ्या हातात दिला. मी म्हटलं, सिनेमात उजेडाचं काम करते. "कुठल्या सिनेमात?" सांगता येणार नाही म्हटलं, नाताळात येईल तेव्हा दाखवीन. मग ते म्हणाले, "ठीक आहे, नाताळाच्या सुट्टीतच येतो बघायला." मुलगी बघायला की सिनेमा, ते काही कळलं नाही.

यानंतर थोड्याच दिवसांनी नाना बॅग भरून निघाले. साक्रीला जुन्या सहकाऱ्याच्या मुलाचं लग्न आहे म्हणाले. स्वेटर घेतला, मफलर घेतली. मला काही वाटलं नाही.

दुसऱ्या दिवशी दुपारी कंपनीतून फोन आला. सुरक्षेचं बघणाऱ्या बाई होत्या. आवाज गोड होता, प्रश्न गोड नव्हते.

"आपल्या गेटवर एक वयस्कर गृहस्थ आले होते. मोबाइलवर तुमचा फोटो दाखवत होते. ही मुलगी इथे काम करते का, काय काम करते, कुठल्या सिनेमाचं करते, असं विचारत होते. आम्ही काही सांगितलं नाही. तुम्ही ओळखता त्यांना?"

"कसे दिसत होते?"

"मफलर होती."

"माझे वडील आहेत," मी म्हटलं.

"मग त्यांना सिनेमाबद्दल कसं कळलं?"

"काहीच कळलेलं नाही, म्हणून तर आले."

त्यांचा विश्वास बसला नाही. त्यांनी विचारलं, घरात कोण कोण आहे, खोलीला खिडकी आहे का, पडद्याचा फोटो कुणी काढला होता का. चौकशी होईपर्यंत माझं काम बंद ठेवण्यात आलं. कॉम्प्युटर चालू केला की काळ्या पडद्यावर कुलपाचं चित्र यायचं. माझ्या वाट्याचे जे प्रसंग होते, बर्फाखालचे, ते अर्धे राहिले होते. इतकी वर्षं ज्या सिनेमाची वाट बघितली तो हातात आला होता आणि घरच्याच माणसाने तो काढून घेतला, असं मला वाटलं. मी आईलाही सांगितलं नाही. भांडी घासली, अक्काच्या तुरीच्या शेंगा सोलून दिल्या आणि वाट बघत बसले.

नाना तिसऱ्या दिवशी सकाळी आले. पायावर पाणी घेतलं, झोपाळ्यावर बसले. मी चहा नेऊन दिला.

"लग्न कसं झालं?"

"चांगलं झालं."

"जेवायला काय होतं?"

"हेच आपलं. वरण-बट्टी. वांग्याची भाजी."

"गोड?"

"जिलबी." जरा थांबून म्हणाले, "बुंदीपण होती."

"आणि पुण्यात थंडी कशी आहे?"

त्यांनी कप खाली ठेवला नाही, पण घोटही घेतला नाही. आयुष्यभर त्यांनी लोकांना असं पकडलं होतं. आपण पकडले गेल्यावर काय करायचं हे त्यांना माहीत नव्हतं. मग हळू आवाजात म्हणाले, "पाटी आहे. मोठी आहे. पण आत कुणी घेईना. काय लपवतात एवढं?"

"तुमच्यामुळे माझं काम बंद झालं आहे. मीच बाहेर सांगितलं असं त्यांना वाटतंय." माझा आवाज चढला. "तुम्हाला वाटतं मी वाईट काम करते. त्यांना वाटतं मी चोर आहे. मी करायचं काय?"

आतून आईने हाक मारली. अक्का दारात येऊन उभी राहिली आणि भावाला म्हणाली, "तू पोरनी मागे पुण्याले गयथा? लाज वाटनी नही तुले?" जी अक्का रोज दाराबद्दल कुरकुर करत होती तीच हे म्हणाली. नाना उठून बाहेर गेले आणि जेवणाच्या वेळेपर्यंत स्टेशनकडे कुठेतरी बसून राहिले.

चौकशी संपली. खोलीचे फोटो मागवले, खिडकीला आतून काळा कागद लावायला सांगितलं आणि काम परत दिलं. मी उरलेले तुकडे पूर्ण केले. नानांनी गच्चीवर यायचं बंद केलं. पण जेवताना त्यांची नजर ताटावरून उठून माझ्या तोंडावर यायची, हे मला न बघताही कळायचं. बोलणं बंद झालं होतं, संशय चालूच होता.

नाताळाच्या सुट्टीत जळगावची माणसं आली. मुलगा, त्याचे आईवडील. सकाळच्या गाडीने उतरले. अक्काने भरताची वांगी पहाटेच भाजून ठेवली होती. जेवणं झाली आणि मुलाचे वडील हात पुसत म्हणाले, "आता तुमचा सिनेमा होऊन जाऊ द्या."

आदल्या दिवशीच तो आला होता. मी टीव्हीवर लावला. आईला उशीला टेकवून बसवलं. नाना शेवटच्या खुर्चीत, भिंतीला लागून. पहिलं चित्र आलं, तेच सरोवर, तेच डोंगर. नाना एकदम पुढे झुकले.

"हा तर रेड्याचा सिनेमा."

"हो."

"हा?" ते माझ्याकडे बघत म्हणाले. "हा तू केलास?"

"थोडा."

त्यांच्या तोंडावर आनंद आला असं मी सांगू शकत नाही. उलट ते अजूनच सावध झाले. म्हणजे आम्हाला आवडतो तोच सिनेमा नेमका हिच्या वाट्याला कसा आला, असं काहीतरी त्यांच्या मनात होतं.

सिनेमात ती मुलगी आता मोठी झाली होती. तिला एक मुलगी होती. गावात हिवाळ्याचा सण होता आणि सगळं गाव गोठलेल्या सरोवरावर दिवे मांडत होतं. धाकटी विचारते, दिवे कुणासाठी? आई सांगत नाही. अक्का सारखी विचारत होती, "रेडा कोठे शे? आजून ऊना नही!" मुलाच्या आईला रेडा कोण ते समजावून सांगण्यात निम्मा सिनेमा गेला. शेवटी दिव्यांचा उजेड बर्फातून खाली झिरपतो आणि खोल पाण्यातून एक मोठी काळी आकृती हळूच सरकून जाते. एवढंच.

मग नावं सुरू झाली. मुलाचे वडील चष्मा लावून टीव्हीजवळ गेले. नावं भराभर वर जात होती. मी त्यांच्याही आधी बघत होते. आमची नावं दिली आहेत असं आम्हाला सांगितलं होतं. आमच्या कंपनीचं नाव एका ओळीत येऊन गेलं. त्याखाली कुणाचंच नाव नव्हतं. पडदा काळा झाला.

"तुनं नाव कोठे शे व माय?" अक्का म्हणाली.

"छोटा सिनेमा आहे," मी म्हटलं. "सगळ्यांची नावं बसत नाहीत."

हे वाक्य मला स्वतःलाच खोटं वाटलं. मुलाचे वडील चष्मा डब्यात ठेवत म्हणाले, "असेल, असेल." मुलगा मोबाइलकडे बघत होता. त्याची आई म्हणाली भरीत फार छान झालं होतं. चहा झाला आणि ती माणसं संध्याकाळच्या गाडीला बराच वेळ असताना स्टेशनवर निघून गेली.

मी टीव्ही बंद करायला उठले तर नाना म्हणाले, "राहू दे. परत लाव."

त्यांनी रिमोट स्वतःकडे घेतला. पुढे-मागे करत एका जागी थांबवलं. गावातल्या घरांच्या खिडक्यांतून पिवळा उजेड बर्फावर पडला होता. पूर्ण सिनेमातलं सगळ्यांत देखणं चित्र ते असेल.

"हे तुझं," ते म्हणाले. "मला बघताक्षणी कळलं. असा उजेड तूच करणार."

आई पलंगावरून हसली. मला हो म्हणता आलं असतं. त्या दिवशी घरात कुणी काही तपासणार नव्हतं.

"नाही नाना. हे दुसऱ्या देशातल्या लोकांनी केलं आहे."

"मग हे?" त्यांनी सरोवरावरच्या दिव्यांचं चित्र लावलं.

"तेही नाही."

"मग तुझं काय?"

मी रिमोट घेतला आणि बर्फाखालचा तुकडा दाखवला. पाणी, वरून येणारा अंधुक उजेड, ती आकृती. त्याआधी एका जिन्याचा कोपरा. आणि मुलीच्या गालावर बर्फ वितळतो ते एक क्षणभर.

"एवढंच?"

"एवढंच."

"एवढ्यासाठी पावसाळ्यापासून दार लावून बसलीस?"

"हो."

त्यांनी रिमोट माझ्या हातातून घेऊन बाजूला ठेवला. मग आईकडे वळून म्हणाले, "खरं आहे. ही सांगते ते खरं आहे." आणि माझ्याकडे न बघता पुढे म्हणाले, "बिनतिकिटाच्या माणसाला मी विचारायचो, तू मागच्याच फाट्यावर चढलास ना? तो लगेच हो म्हणायचा. खोटं बोलणारा माणूस समोर आलेली सोयीची गोष्ट कधी नाकारत नाही."

म्हणजे ते मला तपासत होते. त्या सुंदर खिडक्या त्यांनी मुद्दाम माझ्यापुढे ठेवल्या होत्या. मला आनंद व्हायला हवा होता, पण मला इतका राग आला की मी गच्चीवर निघून गेले. आपल्या बापाला आपलं बोलणं असंच खरं वाटू नये, त्यासाठी सापळा लावावा लागावा, हे मला सहन होईना. कठड्याशी उभी राहून मी स्टेशनकडचा धूसर रस्ता बघत होते. थोड्या वेळाने नाना वर आले. कपडे काढायचे होते म्हणाले. कपडे केव्हाच काढून झाले होते. ते रिकाम्या दोरीजवळ उभे राहिले.

"तुझे ते फोन ऐकले आणि मला झोप येईना," ते म्हणाले. "काय काय मनात आलं ते तुला सांगू शकत नाही. आईलाही सांगितलं नाही. कुणाला विचारणार? म्हणून पुण्याला गेलो."

"मला विचारायचं."

"विचारलं की. तू सही सांगितलीस."

आम्ही दोघं खाली आलो. अक्काने दुपारची भरीत-भाकरी माझ्या पुढ्यात आणून दिली आणि मी ती खाल्ली.

जळगावचा निरोप आला नाही. नानांनीही फोन करून विचारलं नाही. आईला ती माणसं आवडली होती. ती काही दिवस फोनच्या आवाजाकडे कान देऊन असायची, मग तेही थांबलं. महिन्याभरात ती काठी घेऊन ओट्यापर्यंत यायला लागली आणि मी पुण्याला परत जायचं ठरवलं.

नाना मला बसवायला स्टँडवर आले. कॉम्प्युटरचं खोकं त्यांनी स्वतः दोरीने बांधलं होतं, गाठींवर गाठी. गाडी लागायला वेळ होता. बाकड्यावर बसल्यावर त्यांनी इकडेतिकडे बघितलं आणि आवाज खाली आणून विचारलं, "पुढचा मोठा भाग निघणार आहे का? रेडा वर येतो का?"

"मला माहीत नाही नाना."

"माहीत नाही, की सांगता येत नाही?"

"माहीत नाही."

त्यांनी माझ्या तोंडाकडे नीट बघितलं. मग समाधानाने मान हलवली, हात मांडीवर आपटला आणि म्हणाले, "म्हणजे येतो."

मला खरोखरच माहीत नव्हतं. मी दोनदा सांगितलं. गाडी सुटेपर्यंत ते खिडकीखाली उभे होते आणि त्यांना ते पटलेलं नव्हतं.